जुनी इंग्रजी, टपोरी इंग्रजी: नेहमी विचारले जाणारे प्रश्न

ब्रिटिश सिरियल बघताना, जुनी कादंबरी वाचताना, आजोबांच्या ट्रंकेतली पत्रं उघडताना नाहीतर घरातल्या कॉलेजकुमाराशी बोलताना जे इंग्रजी शब्द अडतात त्यांच्याबद्दल लोक जे परत परत विचारतात ते इथे एकत्र टाकलंय. क्रमाने वाचायची गरज नाही. फक्त एक करा, शब्दाचा अर्थ शोधताना तो कुणी, कुठे आणि साधारण कुठल्या काळात म्हटलाय तेही बघत जा, निम्मे घोळ तिथेच होतात.

स्लँग म्हणजे शिव्या का?

नाही हो. शिव्या त्यात येतात, पण सगळं स्लँग म्हणजे शिव्या नव्हे. आपल्याकडे 'कल्टी मारली', 'राडा झाला', 'यात झोल आहे' म्हणतात ना, तसलं. एका कंपूतली लोकं आपापसात बोलतात आणि निबंधात लिहिलं तर बाई लाल पेनाने गोल करतात. जुना शब्द वेगळा, तो एकेकाळी सगळेच वापरायचे आणि मग सुटला. आपलं 'सबब' आणि 'यास्तव' आता फक्त सरकारी पत्रात भेटतात तसं.

आणि एकच शब्द दोन्ही असू शकतो. 'स्पिफिंग' आणि 'रिपिंग' म्हणजे 'लय भारी'. शंभर वर्षांपूर्वी इंग्लंडच्या श्रीमंत घरातली पोरं हे बोलायची, त्या वेळी ते अगदी ताजं स्लँग होतं, आज कुणी म्हटलं तर तो मुद्दाम नक्कल करतोय असंच समजतात.

'दाउ', 'दी', 'दाय' हे आदरार्थी आहे ना? देवाला तसं म्हणतात म्हणून विचारतोय.

बरोबर उलटं आहे. दाउ म्हणजे तू, दी म्हणजे तुला, दाय म्हणजे तुझं. 'यू' हा खरा 'तुम्ही' होता, आधी अनेकवचनी, मग फ्रेंचांच्या वळणाने एकट्या मोठ्या माणसालाही आदराने म्हणायला लागले. मग झालं असं की कुणाला राग नको म्हणून सगळेच सगळ्यांना यू म्हणत सुटले आणि सतराव्या शतकात बोलण्यातला 'दाउ' हळूहळू गळाला. म्हणजे आजचे इंग्रज कुत्र्यालासुद्धा 'तुम्ही' म्हणतात असं समजा!

मग देवाला दाउ कसं? तर १६११ च्या इंग्रजी बायबलमध्ये एकवचनी असेल तिथे सरसकट दाउ ठेवलंय, देव असो की चोर. पुढे बोलण्यातून शब्द गेला आणि प्रार्थनेत तेवढा राहिला, म्हणून तो भारदस्त वाटायला लागला. मराठी माणसाला खरं तर हे कळायला अजिबात अवघड नाही, आपण विठोबाला 'अहो विठ्ठलराव' थोडंच म्हणतो, तूच म्हणतो. इंग्रज माणसालाच हे समजावून सांगावं लागतं.

क्वेकर नावाच्या ख्रिस्ती पंथाचे लोक तर मुद्दाम सगळ्यांना 'दी' म्हणायचे, न्यायाधीशालाही, कारण देवासमोर सगळे सारखे, आणि त्यावरून मारही खायचे. यॉर्कशरमधल्या म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यात 'दा' आणि 'दी' अजून ऐकू येतं.

मीम बनवणाऱ्यांसाठी एक: 'दाउ' बरोबर आर्ट, हॅस्ट, डस्ट येतं. 'हॅथ' आणि 'डथ' तो किंवा ती साठी. 'आय हॅथ' असं कधीच कुणी बोललं नाही, ते जुनं वाटावं म्हणून ठोकून दिलेलं असतं.

ज्युलिएट रोमिओला 'तू कुठे आहेस' असं विचारते ना?

नाही. 'व्हेअरफोर आर्ट दाउ रोमिओ' यातलं 'व्हेअरफोर' म्हणजे 'का'. तू रोमिओच का आहेस, नेमका वैऱ्याच्या घरातला का, असं तिचं रडगाणं आहे. तो खाली बागेतच उभा असतो. कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये ज्युलिएट कपाळावर आडवा हात धरून लांब शोधत असते ते बघितलं की फार वाईट वाटतं.

जुन्या पबच्या पाटीवर 'यी ओल्ड' असतं ते काय?

ते 'यी' नाहीच, तो साधा 'द' आहे. जुन्या इंग्रजीत 'टीएच'च्या उच्चारासाठी थॉर्न नावाचं एकच अक्षर होतं. हाताने लिहिताना ते हळूहळू 'वाय'सारखं दिसायला लागलं होतं, त्यात छपाई आली तेव्हा अक्षरांचे खिळे यायचे युरोपातून आणि त्यात थॉर्न नसायचा, मग छापणाऱ्यांनी सरळ 'वाय' वापरला. वाचणारा 'द' असंच वाचायचा. पुढे ही गोष्ट लोक विसरले आणि दुकानदारांना 'यी' फार ऐतिहासिक वाटायला लागलं. 'तुम्ही' अर्थाचा एक जुना 'यी' आहे तो वेगळा, त्याचा याच्याशी संबंध नाही.

'फोर्टनाइट' अमेरिकन लोकांना कळत नाही का?

बहुतेकांना नाही, त्यांच्या पोरांना फक्त तो गेम माहीत असतो, त्याचं स्पेलिंगही वेगळं. फोर्टनाइट म्हणजे चौदा रात्री, म्हणजे दोन आठवडे. सात रात्रींचा 'सेनाइट' पण होता, तो मात्र मेला. अमेरिकेतल्या क्लायंटला मेल करताना 'टू वीक्स' लिहा, नाहीतर पंधरवड्याने कळेल की त्याला कळलंच नव्हतं.

'नाइस' म्हणजे पूर्वी मूर्ख होता हे खरं का?

खरं आहे. लॅटिनमध्ये 'न जाणणारा' असा जो शब्द होता त्यातून फ्रेंचमार्गे आला, मग मूर्ख, मग नखरेल, मग चोखंदळ, मग बारकाईचा असं करत करत 'छान'पर्यंत पोचला. 'सिली'चा प्रवास बरोबर उलट्या दिशेने, आधी तो भाग्यवान, देवाची कृपा असलेला असा होता, मग निष्पाप, मग बिचारा आणि शेवटी बावळट. 'ऑफुल' म्हणजे दरारा वाटेल असं भव्य. 'मीट' म्हणजे कुठलंही खाणं, म्हणून मिठाईला 'स्वीटमीट' म्हणतात, त्यात मटण नसतं, घाबरू नका. 'गर्ल' पूर्वी मुलगा असो की मुलगी, कुठल्याही पोराला चालायचा. 'गे' म्हणजे आनंदी, रंगीत, आणि जुन्या पुस्तकात कुणी गे मूडमध्ये घरी आला असेल तर तो फक्त खुशीत आहे इतकंच, त्यावरून वर्गात खिदळणं थांबवा.

'डूलॅली' शब्द नाशिकवरून आलाय असं कुणीतरी म्हणालं. फेकतोय का?

फेकत नाहीये. नाशिकजवळची आपली देवळाली कॅम्प. (राहुरीजवळची देवळाली प्रवरा वेगळी.)

ब्रिटिश सैन्याची इथे मोठी छावणी होती आणि नोकरीची मुदत संपलेले गोरे शिपाई विलायतेला परत जायची बोट मिळेपर्यंत इथे आणून ठेवायचे. बोटी निघायच्या फक्त थंडीच्या मोसमात. ज्याची मुदत मोसम संपल्यावर संपली तो बसला महिनोन्महिने. काम नाही, कवायत नाही, ऊन मरणाचं, दारू आणि मारामाऱ्या भरपूर, वर मलेरिया. अशात माणसं विचित्र वागायला लागायची आणि सोबतचे म्हणायचे, याला 'डूलॅली टॅप' झालाय. टॅप म्हणजे नळ किंवा टपली नव्हे, तो आपला ताप आहे! हिंदुस्तानी 'तप' म्हणजे ज्वर, तोच शब्द. म्हणजे देवळालीचा ताप. आजच्या बऱ्याच इंग्रजांना दोन्ही शब्दांचा पत्ता नसतो, पण 'डोक्याला ताप' म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांना हा विनोद लगेच कळतो.

पुढे 'टॅप' गळाला आणि नुसतं 'डूलॅली' उरलं. 'ही हॅज गॉन डूलॅली' म्हणजे याचं डोकं फिरलंय, सरकलाय. आजही ब्रिटनमधले थोडे वयस्क लोक सर्रास म्हणतात आणि त्यातल्या बऱ्याच जणांना देवळाली नावाचं गाव खरंच आहे, तिथे स्टेशन आहे, तोफखान्याचं मोठं प्रशिक्षण केंद्र आहे आणि लोक तिथे हवापालट करायला जातात हे सांगितलं तर पटत नाही.

जागेच्या नावावरून वेडाचा शब्द होणं इंग्रजीत आणखीही आहे. 'बेडलम' म्हणजे नुसता गोंधळ, तो लंडनच्या बेथलेम हॉस्पिटलवरून आला. हे १२४७ साली स्थापन झालं आणि पुढे वेड्यांचं इस्पितळ म्हणून प्रसिद्ध झालं. आपण नाही का पुण्यात 'याला येरवड्याला पाठवा' आणि मुंबईत 'ठाण्याला भरती करा' म्हणत. तिकडेही सूर तोच, चेष्टेचा. खरोखर मानसिक आजार असलेल्या माणसाबद्दल मात्र डूलॅली म्हणू नका, जसं येरवड्याचंही म्हणू नये.

असे आपल्याकडून गेलेले आणखी कोणते स्लँग शब्द आहेत?

पुष्कळ. 'पक्का' तिकडे पका झाला, म्हणजे अस्सल, एक नंबर. 'कुशी' म्हणजे आरामाची नोकरी, तो खुशीतला खुश. 'हॅव अ डेको' म्हणजे जरा बघ, तो 'देखो'. 'चिट' म्हणजे चिठ्ठी. 'ब्लायटी' म्हणजे इंग्लंड, मायदेश, आणि मूळ आपला 'विलायती'. पहिल्या महायुद्धात 'ब्लायटी' म्हणजे जखमसुद्धा असायची, मरण येणार नाही पण घरी पाठवतील एवढी बेताची, आणि शिपाई अशी जखम मिळावी म्हणून देवाला साकडं घालायचे.

खास मराठीतून गेलेले म्हटलं तर 'मंगूस', तो आपला मुंगूस. त्याचं अनेकवचन मंगूसेस, 'मंगीस' नाही, गूस पक्ष्याशी त्याचं काही नातं नाही. 'बमलो' म्हणजे बोंबील. बोंबलाला 'बॉम्बे डक' म्हणायचे आणि त्यावरून मुंबई इलाख्यातल्या गोऱ्या साहेबांनाच 'डक्स' असं टोपणनाव पडलं होतं, मद्रासवाले मुळगतान्नी सूपवरून 'मल्स'. 'डंगरीज' म्हणजे ती खांद्यावर पट्टे असलेली जाड कापडाची पँट, ते कापड डुंगरी, आणि नाव मुंबईच्या डोंगरी भागाशी जोडलं जातं.

'टिफिन' मात्र उलटा निघाला. तो इंग्रजीच, 'टिफिंग' म्हणजे घोटभर पिणं असं जुनं इंग्रजी स्लँग होतं, हिंदुस्तानातल्या साहेबांनी त्याचा दुपारचा हलका फराळ केला, आपण डबा केला आणि इंग्लंडने शब्दच टाकून दिला.

या सगळ्याचं एक जाडजूड पुस्तक १८८६ साली निघालं, यूल आणि बर्नेल यांचं 'हॉब्सन-जॉब्सन'. हे नावही असंच, मोहरमच्या मिरवणुकीतला 'या हसन, या हुसैन'चा आक्रोश गोऱ्या शिपायांच्या कानाला असा ऐकू आला. वाचायला घ्याल तर सावध, दहा मिनिटं म्हणून उघडलं की संध्याकाळ होते.

'पॉश' हा शब्द मुंबईच्या बोटीवरून आला ना? पोर्ट आउट, स्टारबोर्ड होम?

ऐकायला मस्त आहे पण नाही. गोष्ट अशी सांगतात की पी अँड ओ कंपनीच्या बोटीने इंग्लंडहून मुंबईला येताना डावीकडची आणि जाताना उजवीकडची केबिन सावलीत असायची, म्हणून श्रीमंतांच्या तिकिटावर ती चार अक्षरं छापायचे. असं छापलेलं एकही तिकीट आजवर कुणाला सापडलेलं नाही. आणि एक साधी खूण लक्षात ठेवा, विसाव्या शतकाच्या आधीचा शब्द आद्याक्षरांपासून बनलाय असं कुणी सांगितलं की बहुतेक वेळा ती थाप असते. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी 'पॉश' हे छानछोकी माणसासाठी स्लँग होतंच.

लंडनमधला माणूस 'रूबी खायला जाऊ' म्हणाला. म्हणजे?

म्हणजे करी खायला चला. रूबी मरी नावाची बेलफास्टची गायिका १९५० च्या दशकात फार गाजली होती, मरी आणि करी यमक जुळलं, संपला विषय.

याला कॉकनी रायमिंग स्लँग म्हणतात. पूर्व लंडनच्या कष्टकरी वस्तीतली बोली ती कॉकनी, आणि पक्का कॉकनी कोण तर सेंट मेरी ल बो चर्चच्या घंटेचा आवाज ऐकू येईल एवढ्या टापूत जन्मलेला. आपल्याकडे 'ती फुलराणी' ज्या इंग्रजी नाटकावरून आलं त्यातली फुलवाली हीच बोली बोलते. युक्ती अशी की जो शब्द म्हणायचा त्याच्याशी यमक जुळणारी जोडी घ्यायची आणि मग बऱ्याचदा जोडीतला यमकाचा शब्दच गाळून टाकायचा, म्हणजे बाहेरच्याला काही पत्ता लागत नाही. लुक साठी 'बुचर्स हुक', त्यातला हुक गाळला, राहिलं 'हॅव अ बुचर्स', म्हणजे बघ जरा. हेड साठी 'लोफ ऑफ ब्रेड', म्हणून 'यूज युअर लोफ' म्हणजे डोकं वापर. लाइज साठी 'पोर्क पाइज', म्हणून 'टेलिंग पोर्कीज' म्हणजे थापा मारतोय. मेट साठी 'चायना प्लेट', म्हणून मित्राला 'मी ओल्ड चायना'. 'डॉग अँड बोन' म्हणजे फोन, 'ब्राउन ब्रेड' म्हणजे डेड. आणि तोंडाने पर्र आवाज काढतात त्याला 'रास्पबेरी' का म्हणतात, तर 'रास्पबेरी टार्ट', यमक तुम्हीच जुळवा.

१८५९ सालच्या हॉटनच्या स्लँगच्या डिक्शनरीत हे आलंय, म्हणजे दीडशे वर्षांहून जुनी भानगड. 'यॉब' म्हणजे टारगट पोरगा हा शब्द दुसऱ्याच युक्तीतून आला, 'बॉय' उलटा वाचा. आपल्याकडे व्यापाऱ्यांची नंदभाषा होती, गिऱ्हाइकासमोरच भाव ठरवायचा पण त्याला कळू द्यायचा नाही, आणि शाळेत आपण 'च'ची भाषा बोलायचो. गरज सगळीकडे सारखीच.

बॉब, क्विड, टॅनर, गिनी... जुन्या पैशांचं गणित कुणी सांगेल का?

सोपं करून सांगतो. १२ पेन्सचा १ शिलिंग, २० शिलिंगचा १ पौंड, म्हणजे पौंडात २४० पेन्स. शिलिंगला 'बॉब', सहा पेन्सच्या नाण्याला 'टॅनर', पौंडाला 'क्विड', हाफ क्राउन म्हणजे अडीच शिलिंग, आणि फार्दिंग म्हणजे पाव पेनी. हे १५ फेब्रुवारी १९७१ ला बंद होऊन १०० पेन्सचा पौंड झाला. आपण त्यांच्या आधी, १ एप्रिल १९५७ लाच, १६ आणे सोडून १०० नव्या पैशांवर आलो. 'क्विड' आजही जोरात आहे, आणि अनेकवचनातही क्विडच, 'टेन क्विड', क्विड्स नाही.

नाणी गेली पण बोलण्यात राहिली, आपण अजून 'सोळा आणे खरं' म्हणतो आणि 'पै-पै जोडली' म्हणतो, पै कुणी बघितलीय का? तिकडे 'स्पेंड अ पेनी' म्हणजे लघवीला जाऊन येणं, कारण सार्वजनिक संडासाच्या दाराला एक पेनी टाकावी लागायची. म्हातारी इंग्रज बाई पेनी खर्च करून येते म्हणाली तर तिला सुटे पैसे काढून देऊ नका.

गिनी म्हणजे २१ शिलिंग. नाणं १८१४ नंतर पाडलंच नाही, पण डॉक्टर, वकील आणि चित्रकार फी गिनीतच सांगायचे, पौंडात सांगणं म्हणजे दुकानदारी. तेवढाच वर एक शिलिंग जास्त सुटायचा हेही आहेच. महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर इंडियन वन थाउजंड गिनीज आणि टू थाउजंड गिनीज धावतात ते नाव तिथूनच आलंय.

आजोबांच्या कागदपत्रांत 'युअर लेटर ऑफ द फिफ्थ इन्स्ट.' असं आहे. इन्स्ट. कोण?

कोणी माणूस नाही. 'इन्स्टंट' म्हणजे चालू महिना, 'अल्टिमो' म्हणजे गेला महिना, 'प्रॉक्सिमो' म्हणजे येणारा. पत्रावरची तारीख बघा म्हणजे महिना कळेल. 'विझ.' म्हणजे 'ते असे की'. खाली 'युअर मोस्ट ओबीडियंट सर्व्हंट' असेल तर आजोबा कुणाचे नोकर नव्हते, आपल्या 'आपला आज्ञाधारक' सारखी सही करायची पद्धत होती, भांडणाच्या पत्रातही तसंच लिहायचे.

आपण जी इंग्रजी बोलतो ती जुनाट आहे असं परदेशातली भाची म्हणते. खरंय का?

थोडं खरं आहे, पण त्यात लाज वाटण्यासारखं काय आहे. 'डू द नीडफुल' हे एकेकाळी तिकडच्याच व्यापारी पत्रांतलं शिष्ट इंग्रजी होतं, त्यांनी सोडलं, आपल्या सरकारी कचेऱ्यांनी जपलं. 'थ्राइस' (तीनदा) तिकडे म्हटलं तर पोथी वाचल्यासारखं वाटतं. गाडीची 'डिकी' म्हणजे जुन्या गाड्यांच्या मागे उघडणारी जी जादा सीट असायची तिचं नाव, आता तिकडे 'बूट' म्हणतात आणि अमेरिकेत 'ट्रंक'.

आणि 'स्टेपनी'! ही माझी सगळ्यात आवडती. वेल्समध्ये लानेली गावात स्टेपनी स्ट्रीट आहे, तिथे १९०४ च्या सुमाराला डेव्हिस नावाच्या भावांनी जादा चाक बनवून विकायला सुरुवात केली, तोवर गाड्यांना स्पेअर चाक नसायचंच, पंक्चर झालं की रस्त्यात बसा. कंपनीचं नाव स्टेपनी. आज लंडनच्या मेकॅनिकला स्टेपनी विचारली तर तो तुम्हाला त्या नावाच्या वस्तीचा पत्ता सांगेल, आणि इकडे चाळीसगावच्या हायवेवरचा पंक्चरवाला बरोबर चाक काढून देतो.

'फुलस्केप' कागदाचंही तसंच. आपल्याला वाटतं 'फुल' म्हणजे पूर्ण साइजचा. तो 'फूल्स कॅप', विदूषकाची टोपी, युरोपातल्या जुन्या कागदावर घुंगरांच्या टोपीचा वॉटरमार्क असायचा म्हणून. परीक्षेत पुरवणी मागताना हे आठवलं तर हसू नका.

'प्रीपोन' (ठरल्या तारखेच्या आधी ओढणं) मात्र जुना नाही, तो आपल्या इथला चलनी शब्द आहे आणि फार कामाचा आहे. भाचीला सांगा, तुमच्याकडे त्यासाठी एक शब्द असेल तर दे.

ब्रिटनमध्ये एक आणि अमेरिकेत भलतंच, असे धोक्याचे शब्द?

'रबर' आपल्याकडे आणि ब्रिटनमध्ये खोडरबर, अमेरिकेत निरोध, वर्गात मोठ्याने मागू नका. 'पँट्स' ब्रिटनमध्ये आतली चड्डी, म्हणून 'नाइस पँट्स' म्हणताना विचार करा. 'पिस्ड' ब्रिटनमध्ये टाइट झालेला, अमेरिकेत भडकलेला. 'फॅग' ब्रिटिश स्लँगमध्ये साधी सिगारेट, अमेरिकेत समलिंगी पुरुषांना दिलेली घाणेरडी शिवी, हा शब्द वापरूच नका. 'नॉक अप' अमेरिकेत गरोदर करणं, जुन्या ब्रिटनमध्ये दार वाजवून उठवणं. गिरणगावांत त्याचे पगारी लोक असायचे, पहाटे लांब काठीने वरच्या खिडक्या वाजवत जायचे. आणि मीटिंगमध्ये एखादा विषय 'टेबल' करा म्हणाले तर ब्रिटनमध्ये तो चर्चेला घेतात, अमेरिकेत बाजूला ठेवतात, या एका शब्दावर दोन्हीकडचे लोक तासभर भांडू शकतात.

'ब्लडी' ही शिवी आहे की नाही?

पूर्वी फार वाईट समजायचे. मघाच्या त्या फुलवालीच्या नाटकाचा प्रयोग १९१४ साली लंडनमध्ये झाला तेव्हा नायिकेच्या तोंडी हा एक शब्द आला म्हणून केवढा गहजब झाला होता. आता मिळमिळीत झालाय, तरी ऑफिसात नको.

नुकताच लीड्सला आलोय. सगळे 'यू ऑल राइट?' विचारतात. मी आजारी दिसतो का?

नाही रे बाबा. तो नमस्कार आहे. 'ऑल राइट' असंच परत म्हणायचं आणि पुढे जायचं, पाठदुखी सांगत बसायचं नाही. आपलं 'काय म्हणताय' तसं. 'चिअर्स' आणि 'टा' म्हणजे थँक्स. 'टी' उत्तरेकडे रात्रीचं जेवण असतं, 'कम फॉर टी' म्हणाले तर घरून जेवून जाऊ नकोस. 'चफ्ड' खुश, 'गटेड' फार वाईट वाटलेला, 'नॅकर्ड' दमून मेलेला, 'स्किंट' कडका. 'क्वाइट गुड' म्हणजे बरंय, ठीकठाक, साहेबाने प्रोजेक्टला क्वाइट गुड म्हटलं म्हणून घरी पेढे वाटू नकोस.

रिझ, नो कॅप, सस... मुलगी काय बोलते काही कळत नाही.

'रिझ' म्हणजे समोरच्याला पटवायची कला, 'करिझ्मा'च्या मधला तुकडा, ऑक्सफर्डने २०२३ चा वर्षाचा शब्द म्हणून निवडला होता. 'नो कॅप' म्हणजे आईशप्पथ, खोटं नाही. 'स्ले' म्हणजे तोडलंस, कडक. यातलं बरंचसं अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या बोलीतून आलंय, पोरांना वाटतं इन्स्टावर जन्मलं.

पण नवं वाटणारं सगळं नवं नसतं. 'सस' म्हणजे संशयास्पद, हा ब्रिटिश पोलिसांचा जुना शब्द. १८२४ च्या कायद्याखाली नुसत्या संशयावरून कुणालाही उचलायचे त्याला 'सस लॉ' म्हणायचे, ते कलम १९८१ मध्ये रद्द झालं. 'ब्रेन रॉट' (फालतू गोष्टी बघून डोकं सडणं) ऑक्सफर्डचा २०२४ चा शब्द, तो अमेरिकेत १८५४ साली छापलेला सापडतो. 'ओएमजी' तर १९१७ सालच्या पत्रात आहे, ब्रिटिश आरमाराच्या ॲडमिरल फिशर यांनी चर्चिलला लिहिलेल्या. आणि आपला सगळ्यांचा 'ओके' हे १८३९ सालचं बोस्टनच्या वर्तमानपत्रातलं टाइमपास आहे, 'ऑल करेक्ट' मुद्दाम चुकीच्या स्पेलिंगने लिहून त्याची आद्याक्षरं करायची तेव्हा फॅशन होती, म्हणजे त्या काळचं एसएमएसचं इंग्रजीच. आद्याक्षरांची बहुतेक गोष्ट थाप असते म्हटलं ना वर, त्याला हा पक्का अपवाद.

मुलीपुढे हे शब्द वापरून बघायचे असतील तर बघा, पण आई-बाबांनी म्हटलेला शब्द त्याच दिवशी बाद होतो.

अर्थ नक्की कुठे बघायचा?

जुन्या शब्दांसाठी मोठी ऑक्सफर्ड, ती शब्द कुठल्या साली कुणी वापरला ते दाखवते. स्लँगसाठी 'ग्रीन्स डिक्शनरी ऑफ स्लँग', ऑनलाइन आहे. जुन्या काळचं चावट आणि चोरांचं इंग्रजी हवं असेल तर १७८५ ची ग्रोझची डिक्शनरी, मुलांच्या हाती देऊ नका. लोकांनी भरलेल्या साइट ताज्या शब्दांना बऱ्या, पण तिथे अर्ध्या नोंदी मित्राची टर उडवायला केलेल्या असतात.

आणि मोल्सवर्थची डिक्शनरी विसरू नका, १८३१ ची, दुसरी आवृत्ती १८५७. आहे मराठी-इंग्रजी, पण उलटी वापरून बघा. मराठी शब्द आपल्याला येतोच, त्याच्यासमोर त्या साहेबाने त्या काळचं कुठलं इंग्रजी ठेवलंय ते वाचायचं. कधीकधी इंग्रजी अर्थ समजायला मराठी शब्दच जास्त उपयोगी पडतो.

मुलगा मला 'ओके बूमर' म्हणाला. रागवू का?

'ओके बूमर' २०१९ मध्ये फार चाललं, 'बरं आजोबा, झोपा आता' अशा सुरात. बूमर म्हणजे १९४६ ते १९६४ मध्ये जन्मलेले. तुमचा जन्म ७५ चा असेल तर तुम्ही जेन एक्स, म्हणजे बूमरनंतरची पिढी, त्याचं गणित कच्चं आहे एवढं सांगा आणि वाय-फायचा पासवर्ड बदला.